आज माझा ग्राफ खाली आहे!

एम-थ्रीच्या पेपरच्या सकाळी माझा पार्टनर पांघरुणातूनच म्हणाला, "आज क्रिटिकल डे आहे, मी येत नाही."

हे बायोरिदम. बर्लिनचे डॉक्टर विल्हेल्म फ्लिस यांनी २३ आणि २८ दिवसांची चक्रं मांडली. लोक ती शरीराच्या आणि भावनांच्या ऊर्जेची मानतात. बुद्धीचं ३३ दिवसांचं चक्र नंतर जोडलं गेलं. जन्मापासूनचे दिवस मोजायचे, तीन साइन वेव्ह काढायच्या. एखादी शून्याला छेदली की दिवस धोक्याचा!

मी हिशोब केला. असा दिवस साधारण दर पाच दिवसांत एकदा येतोच. १९९८ साली टेरेन्स हाइन्स यांनी १३४ संशोधनं तपासली. या कल्पनेला आधार मिळाला नाही. मित्रांनो, साइन वेव्ह खरी, पण गृहीतक खोटं!

पार्टनरला केटी लागली. ग्राफमुळे नाही, पेपरला न बसल्यामुळे.