फूल हरलं, भाऊसाहेब जिंकले

कल्याण-डोंबिवली महापालिकेच्या एका टोकाला २७ गावं आहेत. ही गावं १९८३ मध्ये पालिकेत आली, २००२ मध्ये बाहेर पडली, २०१५ मध्ये पुन्हा आत! गावं जागच्या जागी, हद्द मात्र लोकलसारखी ये-जा करतेय. दर वेळी निर्णय झाला तो सरकारी अधिसूचनेनं. समजा, तिथल्या प्रत्येक मतदाराच्या हाती एक चिठ्ठी दिली असती आणि विचारलं असतं, आत की बाहेर? काय उत्तर आलं असतं?

असा प्रयोग एकदा खरोखरच झालाय. गोव्यात, १९६७ साली. आणि त्या एका वर्षात गोवेकरांनी जे केलं, ते वाचून आजही तोंडात बोट जातं.

गोवा मुक्त झाला १९ डिसेंबर १९६१ ला. दोन वर्षांनी पहिली निवडणूक झाली आणि एवढ्याशा प्रदेशाचे सरळ दोन तट पडले. दयानंद बांदोडकरांच्या महाराष्ट्रवादी गोमंतक पक्षाला, म्हणजे मगोला, गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा होता. डॉ. जॅक सिक्वेरांच्या युनायटेड गोवन्सला तो वेगळाच ठेवायचा होता. सत्ता मगोला मिळाली, बांदोडकर मुख्यमंत्री झाले. मग विधानसभेच्या ठरावावर काम भागलं असतं की! पण सिक्वेरांचा आग्रह होता की एवढी मोठी गोष्ट आमदारांच्या डोक्यावर सोडू नका, थेट लोकांना विचारा. अखेर डिसेंबर १९६६ मध्ये संसदेनं त्यासाठी खास कायदाच केला.

पुढचं नवल बघा. कौल निःपक्ष व्हावा म्हणून बांदोडकरांनी मुख्यमंत्रिपद सोडलं. आणि विलीनीकरणाविरुद्धची एक मोठी तोफ कोणत्या भाषेत धडाडत होती? चक्क मराठीत! मडगावच्या 'राष्ट्रमत' दैनिकात उदय भेंब्रे यांचं 'ब्रह्मास्त्र' हे सदर गाजत होतं. म्हणजे मराठी वाचणारा तो महाराष्ट्रात जायला निघालेला, हा हिशेब इथंच चुकला.

१६ जानेवारी १९६७. मतपत्रिकेवर उमेदवार नाही, पक्ष नाही. फक्त दोन चित्रं : फूल आणि दोन पानं. फूल म्हणजे महाराष्ट्रात विलीन व्हा, दोन पानं म्हणजे केंद्रशासित राहा. अक्षरओळख नसलेल्या आजीलाही कळावं इतकं सोपं. गोव्यातले ३,८८,४३२ मतदार, त्यांतल्या ३,१७,६३३ जणांनी मत दिलं. शंभरातले जवळजवळ ८२! दोन पानांना १,७२,१९१ मतं, फुलाला १,३८,१७०. चौतीस हजारांच्या फरकानं गोवा वेगळा राहिला.

आता तुम्ही म्हणाल, संपला मगो. ज्या मुद्द्यावर पक्ष उभा, तोच लोकांनी नाकारला.

थांबा. बरोबर ७१ दिवसांनी, २८ मार्चला, विधानसभेची निवडणूक झाली. तीस जागांपैकी मगोला १६, युनायटेड गोवन्सला १२. भाऊसाहेब बांदोडकर पुन्हा मुख्यमंत्री!

लोकांचं डोकं फिरलं होतं का? मुळीच नाही. एक गंमत मोजणीत आहे. कौलात सगळ्या गोव्याची मतं एकाच टोपलीत पडली. निवडणुकीत मात्र प्रत्येक मतदारसंघाची टोपली वेगळी. एकीत ओसंडून वाहिलेली मतं दुसरीत ओतता येत नाहीत. पण त्याहून मोठी गंमत प्रश्नात आहे. जानेवारीत विचारलं होतं, घर कुठलं? मार्चमध्ये विचारलं, घर चालवायचं कुणी? कुळकायदा आणणारे, गावोगाव मराठी शाळा काढणारे भाऊसाहेब हवेत, पण गोव्याचे मुख्यमंत्री म्हणूनच, असं म्हणणाऱ्याला पहिल्यांदाच दोन्ही गोष्टी मिळवता आल्या. एरवी निवडणुकीत आपण काय करतो? भाजीवाल्याकडून मिसळलेला वाटा उचलतो. नको ती वांगीही बटाट्यांबरोबर पिशवीत येतात. गोवेकरांना त्या वर्षी एकेक भाजी वेगळी निवडता आली.

पुढे ३० मे १९८७ ला गोवा स्वतंत्र राज्य झालं, आणि १६ जानेवारी तिथं आजही 'अस्मिताय दीस' म्हणून पाळतात. आपल्या २७ गावांच्या हाती मात्र अशी चिठ्ठी एकदाही पडलेली नाही.