उंचीपट्टीला न दिसलेली वाढ

"आमच्या आजीला पंधराव्या वर्षी पहिलं मूल झालं आणि ती नव्वदीपर्यंत ठणठणीत होती. मग तुम्ही डॉक्टर-शास्त्रज्ञ मंडळी उगाच का घाबरवता?" किशोरवयातल्या गर्भारपणाचा विषय निघाला की हा प्रश्न हमखास येतो. नव्वदीपर्यंत जगलेल्या आज्याच नातवंडांना गोष्टी सांगतात, हे त्याचं पहिलं उत्तर. पहिल्याच बाळंतपणात गेलेल्या मुलीची गोष्ट सांगायला कोणी उरत नाही. दुसरं उत्तर मात्र गुडघ्यात दडलेलं आहे आणि मला ते फार आवडतं.

पाळी सुरू झाली की मुलीची वाढ जवळपास आटोपली, असा डॉक्टरांचा बरीच वर्षं समज होता. गरोदर मुलींची उंची मोजली तर ती वाढलेली दिसत नसे, उलट कधी दोन-चार मिलिमीटरने कमीच भरे. अमेरिकेत न्यू जर्सीतल्या कॅम्डेन शहरात संशोधक थेरेसा शोल आणि त्यांच्या सहकाऱ्यांना शंका आली ती मोजमापाचीच. पोटातलं ओझं वाढलं की कण्याचा बाक वाढतो, मणक्यांमधल्या चकत्या दबतात. तिशीतली बाईसुद्धा गरोदरपणात किंचित बुटकी होते. म्हणजे मुलगी वाढत असली, तरी ती वाढ कण्याच्या दबण्यात गडप होणार!

मग कणा वगळूनच मोजायचं. मुलीला बसवायचं, टाच टेकवायची आणि टाचेपासून गुडघ्यापर्यंतचं अंतर एका खास उपकरणाने मिलिमीटरच्याही अंशापर्यंत टिपायचं, तेही पुन्हा पुन्हा. तेव्हा दिसलं, की जवळपास निम्म्या मुली पोटात बाळ असताना स्वतःही वाढत होत्या.

खरा धक्का पुढेच होता. या वाढणाऱ्या मुलींचं वजन चांगलं वाढलं होतं, अंगावर चरबीही जास्त होती. तरी त्यांची बाळं सरासरी 155 ग्रॅमने हलकी निघाली. एकाच विहिरीवर दोन मोटा चालाव्यात तसं हे होतं, आणि आईची मोट काही थांबत नव्हती.

"दोन जिवांची आहेस, पोटभर खा" हा आपला ठरलेला सल्ला. तोही इथे अपुरा पडतो. स्कॉटलंडमध्ये अ‍ॅबर्डीनच्या रोवेट संस्थेत जॅकलिन वॉलेस यांनी गाभण असलेल्या कोवळ्या मेंढ्यांना भरपूर खाऊ घातलं. मेंढ्या तब्येतीने सुधारल्या, पण त्यांची वार लहान राहिली आणि कोकरं हलकी जन्मली. मेंढीवरून थेट माणसावर उडी मारू नये, हे खरं. पण एवढं कळतं की कोवळ्या वयात प्रश्न नुसता ताटातल्या अन्नाचा नसतो. अन्नच अपुरं असेल तर उलटं घडतं. बांगलादेशच्या ग्रामीण भागातल्या अभ्यासात गरोदर राहिलेल्या मुलींची उंची तिथेच अडली. त्यांच्या वयाच्या बाकीच्या मुली वाढत राहिल्या.

"मुलगी अंगाने थोराड आहे," हा लग्न जुळवताना दिला जाणारा दाखलाही टिकत नाही. मार्क्विसा मोर्मन यांनी 1982 साली दाखवून दिलं, की उंची थांबल्यावरही जन्ममार्गाची हाडं रुंदावत राहतात. नुसत्या उंचीवरून आतली वाढ पुरी झाली का, ते समजत नाही.

अर्थात सगळं खापर हाडांवर फोडणं मला पटत नाही. सोळाच्या आत धोका सर्वांत तीव्र असतो. अठरा-एकोणीसला नीट आहार आणि वेळेवर तपासण्या मिळाल्या तर तो बराच उतरतो. कॅम्डेनच्या मुलीही गरीब घरातल्याच होत्या. आपल्याकडे राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत (2019-21) 15 ते 19 वयाच्या मुलींपैकी आई झालेल्या किंवा गरोदर असलेल्या देशात 6.8 टक्के आढळल्या, तर महाराष्ट्रात 7.6. पुढारलेलं म्हणवणाऱ्या राज्याचा हा आकडा. बीड जिल्ह्यात 20 ते 24 वयाच्या 43.7 टक्के बायकांचं लग्न अठराच्या आत झालं होतं. इथली बरीच कुटुंबं ऊसतोडीला जातात. तिथे नवरा-बायको मिळून 'एक कोयता' धरला जातो आणि उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, कोयत्यावर मिळते. शिवाय वयात आलेल्या मुलीला गावी कोणाच्या भरवशावर सोडून जायचं, हा आईबापांचा घोर असतोच. म्हणून लग्न लवकर उरकलं जातं आणि शाळा तिथेच सुटते.

पुढची अडचण नोंदीची. गरोदर मुलगी अठराच्या आतली असेल तर पॉक्सो, म्हणजे मुलांच्या लैंगिक शोषणाविरुद्धच्या कायद्याने पोलिसांना कळवावं लागतं. अशी मुलगी गर्भपातासाठी आली आणि तिने व पालकांनी तशी विनंती केली, तर तिची ओळख उघड करण्याचं बंधन डॉक्टरवर नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये स्पष्ट केलं. पण ही बातमी वस्तीपर्यंत पोहोचलेली नसते. म्हणून घरचे एकतर तपासणीला उशिरा आणतात, नाहीतर सोळाची मुलगी एकोणीसची म्हणून लिहून घेतात. मग जिचा रक्तदाब आणि हिमोग्लोबिन डोळ्यांत तेल घालून पाहायला हवं, ती नर्सताईंच्या रजिस्टरमध्ये चारचौघींसारखीच दिसते.