अपील केले, पण स्थगिती घेतली का?

"वकीलसाहेब, आपण अपील केलंय ना? मग बेलिफ दारात कसा आला?"

सोलापूरच्या जिल्हा न्यायालयाच्या आवारात हा प्रश्न मी वर्षानुवर्षे ऐकत आलो आहे. विचारणारा कधी यंत्रमाग कामगार असतो, कधी विडी वळणारी माउली. खालच्या कोर्टात घराच्या ताब्याचा दावा हरलेला असतो, उसनवारी करून अपील दाखल केलेले असते आणि आता निकाल लागेपर्यंत घर सुरक्षित, या समजुतीत कुटुंब निर्धास्त असते. तोवर समोरच्याने दरखास्त दाखल करून ताब्याचे वॉरंट काढलेले असते!

बांधवांनो, कायदा स्पष्ट आहे. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या ऑर्डर ४१ नियम ५ प्रमाणे नुसते अपील दाखल झाल्याने हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. स्थगिती वेगळा अर्ज करून मागावी लागते. ती मिळण्यासाठी तीन गोष्टी न्यायालयाला पटवाव्या लागतात. स्थगिती न दिल्यास मोठे नुकसान होईल, अर्ज विनाविलंब केला आहे, आणि हुकूमनाम्याच्या पूर्ततेसाठी आपण तारण देण्यास तयार आहोत. रकमेचा हुकूमनामा असेल तर रक्कम भरण्याचा किंवा तारणाचा आदेश होऊ शकतो. तो पाळला नाही तर स्थगिती नाही. भाडेकरूच्या बेदखलीत स्थगिती देताना अपील चालू असेपर्यंत जागेचा वाजवी मोबदला भरण्याची अट घालता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली आत्माराम प्रॉपर्टीज खटल्यात सांगितले आहे.

या एका अर्जाची किंमत समजून घ्यायची तर महाडकडे पाहावे. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेबांनी चवदार तळ्याचे पाणी प्राशन केले. २५ डिसेंबरला पुन्हा सत्याग्रह ठरला. विरोधकांनी १२ डिसेंबरला महाडच्या दिवाणी कोर्टात दावा क्रमांक ४०५ दाखल केला आणि १४ डिसेंबरला, आपली बाजू ऐकली जाण्याआधीच, तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. हजारो सत्याग्रही महाडात जमले होते, पण स्वतः बॅरिस्टर असलेल्या बाबासाहेबांनी कोर्टाचा हुकूम मानला व तळ्यावरचा सत्याग्रह तहकूब केला. मनुस्मृतीचे दहन मात्र झाले. पुढे २३ फेब्रुवारी १९२८ ला तो हुकूम उठला. ८ जून १९३१ ला दावा फेटाळला गेला, १९३३ साली ठाण्यात त्यांचे अपील फेटाळले गेले आणि १७ मार्च १९३७ रोजी मुंबई उच्च न्यायालयातही बाबासाहेबांचाच विजय झाला.

दाव्यातील मनाई हुकूम आणि अपिलातील स्थगिती या कायद्याने वेगळ्या गोष्टी आहेत, पण धडा एकच. अंतिम न्यायाला जवळपास दहा वर्षे लागली. त्या डिसेंबरात तळ्यावर काय घडणार, हे मात्र दोन दिवसांत मिळवलेल्या हुकुमाने ठरवले. अंतरिम हुकुमाची ताकद प्रस्थापितांना तेव्हाही कळत होती. आपल्याला ती कधी कळणार?

म्हणून निकाल लागताच घरी जाऊन रडत बसू नका. त्याच दिवशी नकलेचा अर्ज टाका. जिल्हा न्यायालयातील अपिलाला ३० दिवस आणि उच्च न्यायालयातील अपिलाला ९० दिवस मिळतात. नक्कल मिळण्यास लागणारा काळ त्यातून वजा होतो. अपिलाची मुदत संपण्याआधी, निकाल देणाऱ्या कोर्टाकडेच तात्पुरती स्थगिती मागता येते. मुदत उलटून गेली तर विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो आणि स्थगितीची वाट अधिक बिकट होते. पहिले अपील हरलात तर त्यातील स्थगिती निकालाबरोबर संपते. तेव्हा तिथेच काही आठवड्यांची मुदत मागा आणि दुसऱ्या अपिलाची तयारी करा. १८ ऑगस्ट २०२५ पासून सोलापूरकरांसाठी उच्च न्यायालय कोल्हापूरला आले आहे. मुंबईचे भाडे परवडत नाही, ही सबब आता उरलेली नाही.

उलट आपण जिंकलो असू तर कलम १४८ अ प्रमाणे कॅव्हेट दाखल करा. ते ९० दिवस टिकते व आपल्याला कळवल्याशिवाय समोरच्याच्या अर्जावर सुनावणी होत नाही.

वकिलाला पैसे नाहीत? १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ नुसार अनुसूचित जाती-जमातींना व स्त्रियांना उत्पन्नाची अट न घालता मोफत विधी साहाय्य मिळते. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा.

अपील जिंकल्यावर कलम १४४ प्रमाणे गेलेला ताबा परत मागता येतो, हे खरे. पण पाडलेल्या भिंती आणि मोडलेली लेकरांची शाळा कोणते कलम परत आणणार? 'शिका' या शब्दात कायदाही येतो. वस्तीतल्या प्रत्येक विहारात महिन्यातून एक तास कायद्याच्या वाचनाला द्या. मग बेलिफ दारात आला तरी आपल्या माणसाच्या हातात स्थगितीचा कागद असेल.

जयभीम!