मर्यादा आणि नवनिर्मिती : लेगोचे उदाहरण

बुडत्या उद्योगास नवनिर्मिती तारते, असे सामान्यतः मानले जाते. डेन्मार्कमधील बिलुंड येथे १९३२ मध्ये स्थापन झालेल्या लेगो या खेळणी-उद्योगाचा इतिहास मात्र या समजुतीस मुरड घालावयास लावतो. १९९० नंतर या संस्थेने क्रीडोद्याने, वस्त्रे, संगणक-खेळ अशा नानाविध क्षेत्रांत विस्तार केला. सुट्या भागांचे प्रकार सुमारे १२,९०० झाले. प्रत्येक नव्या आकारास स्वतंत्र साचा लागे, आणि साचा हीच या धंद्यातील खर्चाची बाब होय. २००४ मधील तोटा सुमारे १९० कोटी क्रोनर होता. म्हणजे संकटास नावीन्याचा अभाव नव्हे, तर अतिरेकच कारण झाला.

त्याच वर्षी सूत्रे हाती घेणारे यॉर्गन विग क्नुडस्टॉर्प यांनी हे प्रकार कमी करून सुमारे ७,००० वर आणविले; २००५ मध्ये उद्यानांतील बहुतांश हिस्सा विकला. नवे संच शक्यतो उपलब्ध भागांतूनच रचावेत, असे बंधन रचनाकारांवर आले. हे बंधन जाचक ठरले नाही. कारण आठ खुंट्यांचे एकरंगी सहा ठोकळे ९१,५१,०३,७६५ प्रकारे जोडता येतात. १९५८ च्या पेटंटमधील जोडणीचे हे सामर्थ्य होय. २००५ मध्येच संस्था पुन्हा नफ्यात आली.

तात्पर्य, नव्या वस्तूंची संख्या वाढविणे आणि नवनिर्मिती करणे, यांतील भेद अभ्यासकाने ध्यानी ठेवणे अगत्याचे आहे.