गोव्याचा चोरीस-पाव घरच्या घरी
मेक्सिकोत रस्त्यावरच्या गाड्यांवर सॉसेज पावात घालून कांदा-मिरचीसह देतात. त्याचे आपल्याकडील भावंड म्हणजे गोव्याचा चोरीस-पाव. दोहोंतील मिरचीचे माहेर मेक्सिको. ती सोळाव्या शतकात पोर्तुगीजांनी भारतात आणली. मीठ, मिरची, लसूण व माडीचा शिरका लावून, आतड्यात भरून वाळवलेले डुकराचे मांस म्हणजे चोरीस. म्हणूनच गोव्याहून भिलाईपर्यंतच्या प्रवासातही तो टिकतो. परंतु टिकाऊ असला तरी तो कच्चाच असतो, हे विसरू नये. आवरण काढून मांसाचे तुकडे, चिरलेला कांदा व वाटीभर पाणी मंद आचेवर झाकून ठेवावे. मांस पूर्ण शिजून पाणी आटले की चरबी सुटते. म्हणून वेगळे तेल वा मीठ घालू नये. पावात भरून गरमच वाढावे.