एका माणसाचा बँड: ‘करंट्स’ कसा घडला

१७ जुलै २०१५ रोजी ‘करंट्स’ हा अल्बम प्रसिद्ध झाला, तेव्हा त्याच्यावर नाव होतं ‘टेम इम्पाला’ या बँडचं. आतली श्रेयनामावली मात्र जवळजवळ एकाच माणसाची होती. तेरा गाण्यांचे शब्द, चाली, ड्रम, बेस, गिटार, सिंथेसायझर, गायन, ध्वनिमुद्रण आणि मिक्सिंग, हे सगळं केव्हिन पार्करने केलं होतं. पार्कर तेव्हा २९ वर्षांचा होता. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या पर्थ शहराला लागून फ्रीमँटल नावाचं जुनं बंदर आहे. तिथल्या राहत्या घरातल्या स्टुडिओत हे काम झालं.

टेम इम्पालाचा कार्यक्रम पाहिलेल्यांना हे पटकन खरं वाटत नाही, कारण मंचावर पाच वादक असतात आणि ते एकजीव वाजवतात. पण ती मांडणी मैफलीपुरती. अल्बम करताना पार्कर खोलीत एकटा असतो. गाणी पूर्ण झाली की मग ती मित्रांना शिकवली जातात.

ही सवय लहानपणापासूनची. वडिलांच्या घरी गिटार होती, ते हौसेने वाजवत. अकराव्या वर्षाच्या सुमारास केव्हिन ड्रम शिकला आणि थोड्याच दिवसांत त्याने दोन टेपरेकॉर्डर जोडीने वापरायला सुरुवात केली. एकावर ड्रम वाजवून ठेवायचे, ते ऐकत बेस वाजवायचा आणि दोन्ही मिळून दुसऱ्या टेपवर उतरवायचं. मग त्यावर गिटार, त्यावर आवाज. दरवेळी टेपची खरखर वाढायची, पण एकट्या मुलाला स्वतःचा अख्खा बँड ऐकायला मिळायचा. पुढे यंत्रं बदलली आणि टेपची जागा संगणकाने घेतली, तरी थरावर थर चढवण्याची रीत कायम राहिली.

एकट्याने अल्बम करण्याची परंपरा तशी जुनी आहे. बीटल्स फुटत असताना पॉल मॅकार्टनीने १९७० मध्ये स्वतःच्याच नावाचा अल्बम असा केला. टॉड रंडग्रेनने १९७२ मध्ये दोन तबकड्यांच्या अल्बमच्या चारपैकी तीन बाजू एकट्याने वाजवल्या, आणि प्रिन्सने १९७८ मध्ये पदार्पणातच सगळी वाद्यं स्वतः हाताळली. रंडग्रेन तर पार्करच्या विशेष आवडीचा.

‘इनरस्पीकर’ (२०१०) आणि ‘लोनरिझम’ (२०१२) या पहिल्या दोन अल्बमांनी पार्करला नाव मिळवून दिलं. दोन्ही गिटारप्रधान होते. साठच्या दशकातल्या सायकेडेलिक रॉकशी त्यांचं नातं उघड होतं. दोन्हींचं मिक्सिंग अमेरिकेतल्या डेव्ह फ्रिडमन यांनी केलं होतं. तिसऱ्या वेळी पार्करने हे सूत्र मोडलं. गिटार मागे सारली, सिंथेसायझर आणि नाचाचा ठेका पुढे आणला आणि मिक्सिंगही स्वतःकडे घेतलं.

या वळणामागची एक हकीकत त्याने मुलाखतींतून सांगितली आहे. लॉस एंजेलिसमध्ये तो एका मित्राच्या गाडीतून चालला होता. त्याने त्या वेळी नशा आणणारी अळंबी घेतली होती आणि गाडीत बी जीजचं ‘स्टेइन अलाइव्ह’ लागलं होतं. ज्या गाण्याला जग डिस्को म्हणून ओळखतं, ते त्याला त्या क्षणी सायकेडेलिक वाटलं.

नशा बाजूला ठेवली तरी हे निरीक्षण अचूक आहे. मुळात १९६६ साली लंडनच्या स्टुडिओत बीटल्सनी ‘टुमॉरो नेव्हर नोज’ केलं, तेव्हा सायकेडेलिक संगीताची बरीचशी भाषा ठरून गेली. गाण्याला अखंड षड्ज होता तो भारतीय तंबोऱ्याचा. त्यावर टेपचे छोटे तुकडे टोकाला टोक चिकटवून केलेली गोल वेटोळी फिरत होती. मशीनवर वेटोळं जितका वेळ फिरेल तितका वेळ तोच आवाज पुन्हा पुन्हा येत राहतो. इंग्रजीत यालाच लूप म्हणतात. आता १९७७ कडे वळू. ‘स्टेइन अलाइव्ह’ करताना ड्रमवादकाला घरच्या कारणाने जावं लागलं. मागे राहिलेल्यांनी ‘नाइट फीवर’ या दुसऱ्या गाण्याच्या मुद्रणातून ड्रमचा छोटासा तुकडा कापला, त्याचं वेटोळं केलं आणि तेच गाणंभर फिरवलं. नाचायला लावणारा तो न ढळणारा ठेका आणि बीटल्सचं गुंगवणारं आवर्तन, दोन्ही एकाच युक्तीतून आले आहेत. ‘करंट्स’ उभा आहे तो याच नात्यावर.

या नात्याला जोड मिळाली सिंथेसायझरची. पार्करच्या संग्रहातला एक लाडका सिंथ म्हणजे रोलँड कंपनीचा ज्युनो-१०६, १९८४ सालचा. एका वेळी सहा स्वर वाजवू शकणारं हे वाद्य आतून समजायला अवघड नाही. विद्युत्‌मंडल एक कच्चा, खरबरीत सूर तयार करतं. पुढची चाळणी, म्हणजे फिल्टर, त्यातल्या वरच्या झणझणीत लहरी हव्या तितक्या गाळते. आणखी एक मंडल सूर किती पटकन उमटेल आणि किती सावकाश विरेल ते ठरवतं. शेवटी ‘कोरस’ नावाचं बटण. ते दाबलं की त्याच सुराची किंचित उशिरा येणारी, किंचित डगमगणारी प्रत मूळ सुरात मिसळते आणि आवाज रुंद होऊन तरंगू लागतो. ऐंशीच्या दशकातल्या सिंथपॉपचा मऊपणा बराचसा या बटणाचा आहे.

फेजर या उपकरणाचं तत्त्व याच्या जवळचं आहे. मूळ आवाज आणि त्याची पुढेमागे सरकवलेली प्रत एकत्र आली की काही लहरी एकमेकींना खोडून टाकतात. कुठल्या लहरी खोडल्या जातील ते सतत बदलत राहतं, त्यामुळे विमान डोक्यावरून जावं तसा आवाज फिरल्याचा भास होतो. पार्कर गिटारला, सिंथला, कधी अख्ख्या ड्रमसंचालाही असं फिरवतो. म्हणूनच गिटार मागे गेली तरी संगीत सायकेडेलिक राहिलं. तो गुण वाद्यात नव्हताच, आवाज हलवण्याच्या पद्धतीत होता.

अल्बमचं पहिलंच गाणं, पावणेआठ मिनिटांचं ‘लेट इट हॅपन’, याचा उत्तम पुरावा आहे. पहिली काही मिनिटं ते सरळ नाचाचं गाणं आहे. मग अर्ध्या वाटेवर एक छोटा तुकडा अडकतो. सीडी चरे पडून अडखळावी तसा तो फिरत राहतो. पहिल्यांदा ऐकणाऱ्याला मुद्रणात दोष असल्याचीच शंका येते. पण अडकलेल्या त्या तुकड्याखालून तंतुवाद्यांसारखे सूर सरकू लागतात, आणि ज्याला आपण बिघाड समजलो तोच नवा ठेका होऊन बसतो. पुढे आवाज व्होकोडरमधून येतो. मानवी उच्चार सिंथच्या सुरात ओतणारं हे यंत्र. तिथे शब्दांपेक्षा नादच महत्त्वाचा होतो. गाण्याचा विषय आहे बदलाला शरण जाणं, आणि गाण्याची रचनाच श्रोत्याला तसं करायला लावते.

सगळी गाणी अशी लांब नाहीत. ‘गॉसिप’ एका मिनिटाच्या आतलं आहे, ‘डिसायपल्स’ दोन मिनिटांच्या आतलं. ‘पास्ट लाइफ’मध्ये खोल, जाड केलेला बोलका आवाज एक किस्सा सांगत जातो. ‘इव्हेंच्युअली’त नातं तोडणाऱ्याची अपराधी भावना आहे, आणि दणकट ड्रम अचानक थांबून मोकळी जागा सोडतात. ‘द लेस आय नो द बेटर’ बेसच्या एका अवीट ओळीवर चालतं.

एकट्याच्या कामातला कठीण भाग वादनात नसतो. दहा जणांच्या स्टुडिओत कोणी तरी म्हणतं, “आता पुरे, झालं.” एकट्याला ते सांगणारं कोणी नसतं. ड्रम किती वर ठेवायचे, गाणारा आवाज किती बुडवायचा, प्रतिध्वनी कुठे तोडायचा, हे मिक्सिंगचे निर्णय सायकेडेलिक संगीतात चालीइतकेच महत्त्वाचे असतात. फ्रिडमन यांच्यासारख्या जाणकाराचा हात सोडून पार्करने ते स्वतः घेतले आणि फक्त अखेरचं मास्टरिंग न्यूयॉर्कच्या ग्रेग काल्बी यांच्याकडे दिलं. त्यामुळेच या अल्बममध्ये चाल कुठे संपते आणि ध्वनियोजना कुठे सुरू होते, ते वेगळं काढता येत नाही.

मुखपृष्ठही याच विचाराचं आहे. अमेरिकेतल्या केंटकी राज्यातले चित्रकार रॉबर्ट बीटी यांनी ते केलं. जांभळ्या रंगाच्या समांतर रेषांमधून एक गोळा पुढे जातो आणि त्याच्या मागे रेषा वळत, गुंडाळत भोवरे होतात. वाहत्या द्रवात अडथळ्यामागे भोवरे कसे सुटतात, हे दाखवणाऱ्या भौतिकशास्त्रातल्या आकृत्यांवरून ही कल्पना घेतलेली आहे.

लोकांनी अल्बम उचलून धरला. ऑस्ट्रेलियात तो पहिल्या क्रमांकावर गेला, ब्रिटनमध्ये तिसऱ्या, अमेरिकेत चौथ्या. त्या वर्षीच्या आरिया पुरस्कारांत, म्हणजे ऑस्ट्रेलियाच्या प्रमुख संगीत सन्मानांत, तो वर्षातला सर्वोत्तम अल्बम ठरला. ध्वनिमुद्रण अभियंत्याचा आणि निर्मात्याचा पुरस्कारही पार्करलाच मिळाला. २०१६ मध्ये रिहानाने ‘अँटी’ या आपल्या अल्बममध्ये ‘करंट्स’मधलं शेवटचं गाणं घेतलं. तिने वाद्यसंगीत पार्करचंच ठेवलं आणि वर फक्त स्वतःचा आवाज घातला. घरात बसून एकट्याने रचलेलं संगीत जगातल्या सर्वांत लोकप्रिय गायिकांपैकी एकीला जसंच्या तसं चाललं.

पुढच्या दहा वर्षांत घरबसल्या संगीत करणाऱ्या असंख्य तरुणांना ‘करंट्स’ने हिंमत दिली, हे खरंच. पण लॅपटॉप आणि स्वस्त सिंथ आज कोणाकडेही असू शकतात. पार्करकडे त्यांच्या जोडीला होता बारा वर्षांच्या मुलाने टेपवर सुरू केलेला रियाज आणि बी जीजच्या ठेक्यात बीटल्सचं आवर्तन ओळखणारा कान. ज्यांनी हा अल्बम ऐकलेला नाही त्यांनी तो चांगला हेडफोन लावून, मध्ये न थांबता, एकावन्न मिनिटं सलग ऐकावा. सुरुवात ‘लेट इट हॅपन’पासूनच करावी आणि तो तुकडा अडकला की गाणं बंद करू नये.