माईक जाईना

रात्री पावणेनऊला शटर अर्धं खाली ओढलं की त्याखालून वाकून आत येणारा माणूस बहुतेक सोळा-सतरा वर्षांचा असतो. हातात मोबाईल, त्यावर गेमची लॉबी उघडी, आणि आल्या आल्या एकच तक्रार: "दादा, माईक जाईना."

राहुरीत नगर-मनमाड रस्त्याला लागून माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. डिस्प्लेचं फोल्डर, बॅटरी, चार्जिंग पिन ही रोजची भाकरी. गेममधल्या बोलण्याचे आजार म्हणजे तोंडी लावणं. त्यात पैसा नाही, कारण बहुतेक वेळा स्क्रूसुद्धा उघडावा लागत नाही. फुकट सल्ला द्यायचा आणि पोरगं 'थँक्यू दादा' म्हणून गेलेलं बघायचं. तरी मला हे काम आवडतं. फुटलेला डिस्प्ले कुणालाही दिसतो, हा आजार शोधावा लागतो.

'माईक जाईना' म्हणजे 'अंगात कसकस आहे' म्हटल्यासारखं आहे. त्यावरून काही कळत नाही. म्हणून मी फोन हातात घेण्याआधी जुन्या बिलाच्या पाठीवर चार टिंबं काढतो. चौघांचा स्क्वॉड, प्रत्येकाचा आवाज बाकीच्या तिघांकडे जायचा, म्हणजे चार त्रिक बारा वाटा. मग एकेक विचारायचं. तुझं कोण कोण ऐकतं? तुला कोण कोण ऐकू येतं? पोरं वैतागतात. त्यांना वाटतं, हा डॉक्टर नाडी बघायची सोडून कुंडली मांडत बसलाय.

पण निम्मं निदान त्या चार टिंबांतच होतं. अशा गेममध्ये आवाज साधारणपणे थेट मित्राच्या फोनवर जात नाही. आधी सर्व्हरवर जातो आणि तिथून तिघांना वाटला जातो. त्यामुळे एकाचं बोलणं तिघांनाही जात नसेल तर घोटाळा त्याच्या माईकचा, परवानगीचा, नाहीतर नेटचा. त्याला तिघांचंही ऐकू येत नसेल तर स्पीकरचं चिन्ह बंद आहे किंवा आवाज कुठल्यातरी कपाटात पडलेल्या ब्लूटूथला जाऊन बसलाय. आणि बारापैकी एकच वाट बंद असेल, म्हणजे याचं त्यालाच तेवढं जात नसेल, तर फोन दोन्ही चांगले आहेत. मधे कुणीतरी कुणालातरी म्यूट केलंय. ते भांडण मी सोडवत नाही.

घुमण्याची गंमत तर वेगळीच. "माझाच आवाज मला परत ऐकू येतोय, माझा फोन बघा," असं म्हणत पोरगा येतो. त्याच्या फोनला काही झालेलं नसतं. पलीकडे त्याचा कुणी दोस्त हेडफोन न लावता, स्पीकर फुल करून बसलेला असतो. याचा आवाज तिथल्या स्पीकरमधून बाहेर पडतो, तिथल्याच माईकमधून आत शिरतो आणि याच्याकडे परत येतो. दुखणं एका घरात आणि कळा दुसऱ्या घरात. तो दोस्त मात्र मजेत असतो, कारण त्याला काहीच घुमत नाही.

आता माझी स्वतःची फजिती सांगतो. सुरुवातीच्या दिवसांत एक पोरगा आला. गेममध्ये त्याचा आवाज विहिरीतून आल्यासारखा जायचा. मी खालचा सबबोर्ड बदलला. स्वस्तातल्या बहुतेक फोनमध्ये मुख्य माईक त्याच पट्टीवर, चार्जिंग पिनच्या शेजारी असतो. कॉल लावून बघितला, आवाज खणखणीत. पैसे घेतले. दुसऱ्या दिवशी पोरगा परत हजर. तिसऱ्या दिवशीही. शेवटी म्हटलं, बस इथं स्टुलावर आणि खेळ माझ्यासमोर. त्यानं फोन आडवा धरला मात्र, माझ्या डोक्यात प्रकाश पडला. कॉल करताना फोन उभा असतो आणि खालचं भोक मोकळं असतं. गेमसाठी आडवा धरला की तीच कड तळहातात येते, आणि गोळीबार सुरू झाला की पोरं मूठ आवळतात. माईकच्या तोंडावर अंगठ्याखालचा मांसल उंचवटा दाबून बसला होता. फोन फिरवून धरायला सांगितला, म्हणजे चार्जिंग पिन दुसऱ्या हाताकडे गेली. त्याची त्या हाताची पकड सैल होती. आवाज मोकळा झाला. सबबोर्डचे पैसे मी त्याला परत दिले. ते अजून आठवतात.

तेव्हापासून नियम केला: आधी फोनमधला रेकॉर्डर उघडून दहा सेकंद बोलायचं, मग दहा सेकंदांचा व्हिडिओ काढायचा. रेकॉर्डर साधारण खालच्या माईकचं ऐकतो, व्हिडिओ पुष्कळ फोनमध्ये वरच्या माईकचंही. फोनला दोन माईक असतात हे कित्येकांना माहीत नसतं. वरचं ते बारीक भोक आजूबाजूचा गोंगाट ओळखून वजा करण्यासाठी असतं. ते सिमच्या ट्रेजवळ असलं की घात होतो. सिम काढायची पिन माणसं तिथं खुपसतात, ट्रे निघत नाही म्हणून आणखी जोर लावतात, आणि आतल्या माईकचा पडदा फाटतो. त्यानंतर फोन गोंगाटाऐवजी माणसाचाच आवाज वजा करायला लागतो. भिंगाखाली ते छिद्र बघितलं की कडेला पिनचा ओरखडा चकाकताना दिसतो. गिऱ्हाईक मात्र शपथेवर सांगतं की फोन खिशातच होता.

कानातल्या बिनवायरच्या बोंडांबद्दल, ज्यांना पोरं 'बड्स' म्हणतात, माझं मत फारसं चांगलं नाही. गाण्याला उत्तम. पण ब्लूटूथची एक जुनी अडचण आहे: गाणी ऐकायची वाट वेगळी आणि बोलायची वाट वेगळी. गाण्याच्या वाटेवर दोन्ही कानांना निरनिराळा, भरदार आवाज मिळतो, पण माईक नसतो. गेममध्ये माईकचं बटण दाबलं की ब्लूटूथ सांधा बदलतो आणि कॉलच्या वाटेला लागतो. तिथं माईक मिळतो, पण आवाज पातळ आणि दोन्ही कानांत सारखाच. जुन्या पद्धतीत सेकंदाला ८ हजार नमुने, नव्यात १६ हजार. गाण्याला ४४ हजारांहून जास्त असतात. म्हणून "माईक चालू केला की फुटस्टेप ऐकू येत नाहीत" ही तक्रार शंभर टक्के खरी आहे आणि तिच्यावर माझ्याकडे औषध नाही. शत्रू डावीकडून आला की उजवीकडून, हे एकसारख्या आवाजातून कळणार कसं? त्यातून घरातला वायफाय जुन्या २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात चालत असेल तर ब्लूटूथही त्याच पट्ट्यात असतो. दोघं एकमेकांच्या पायात येतात.

मी सरळ वायरचा हेडफोन दाखवतो. त्यातही पिन बघून घ्यायची. पिनवर काळे पट्टे तीन असतील तर माईक आहे. दोनच असतील तर नुसतं ऐकायचं. दोन पट्ट्यांचा हेडफोन लावून तासभर माईकला शिव्या देणारे मी पाहिलेत.

नेटच्या बाबतीत लोकांचा मोठा गैरसमज. "दादा, शंभरचा प्लॅन आहे, तरी आवाज तुटतो." बोलण्याला वेग लागतोच किती? आवाज आवळून पाठवायच्या पद्धतींत ओपस नावाची, २०१२ साली प्रमाण ठरलेली पद्धत आज सगळीकडे चालते. पोरं खेळताना बोलायला वापरतात ते डिस्कॉर्ड ॲपही तीच वापरतं. ती बोलण्याचे साधारण २० मिलिसेकंदांचे तुकडे करते, म्हणजे सेकंदाला ५०. चांगल्या प्रतीचं मिनिटभर बोलणं पाव एमबीच्या आसपास बसतं. व्हॉट्सॲपवर आलेला एखादा गुड मॉर्निंगचा फोटोसुद्धा तेवढा असतो.

अडतं ते वेळेवर. हे समजावताना मला कारखाना उपयोगी पडतो. आपला जिल्हा उसाचा. विठ्ठलराव विखे पाटलांनी प्रवरानगरला सहकारी साखर कारखाना उभा केला, तेव्हापासून गळीत हंगाम इथल्या पोरांच्या अंगवळणी आहे. उसाच्या गाड्या काही घड्याळ लावून येत नाहीत. कधी वीस एकदम येतात, कधी अर्धा तास एक नाही. पण गव्हाणीत ऊस सारखा पडत राहिला पाहिजे, नाहीतर मिल रिकामी फिरते. म्हणून गाड्या आवारात थांबवून ठेवतात आणि तिथून एकसारख्या सोडतात. फोन आवाजाच्या तुकड्यांचं असंच करतो. आलेले तुकडे क्षणभर थोपवतो, मग ओळीनं कानात सोडतो. नेट दमादमानं आलं की आवार रिकामं पडतं. फोन हरवलेल्या तुकड्याच्या जागी मागच्याच तुकड्यासारखं काहीतरी जोडून देतो आणि पोरं म्हणतात, "हा रोबोटसारखा बोलतोय." आवार मोठं केलं तर आवाज तुटत नाही, पण उशिरा येतो. टेलिफोनच्या आंतरराष्ट्रीय मापात एका बाजूचा उशीर १५० मिलिसेकंदांच्या आत असेल तर बोलणं सहज वाटतं असं धरतात. त्याच्या पुढं गेलं की 'मागं बघ' हे मेल्यानंतर ऐकू येतं.

म्हणून माझा सल्ला प्लॅन वाढवायचा नसतो. घरात कुणी मोठी फाईल चढवत असेल तर थांबवा, राऊटरजवळ बसा, नाहीतर टॉवरकडची खिडकी धरा. आणि लाईट गेल्यावर राऊटरही जातो, तो इन्व्हर्टरवर घ्या. हे शेवटचं सांगितल्यावर कितीतरी जण चमकून बघतात.

परवानग्यांचा गोंधळ मधल्या बंदीच्या काळात वाढला. सरकारनं २ सप्टेंबर २०२० ला पबजी हा गेम बंद केला, जुलै २०२१ मध्ये त्याचाच भारतीय अवतार बीजीएमआय आला, जुलै २०२२ मध्ये तोही ॲपच्या दुकानांतून गायब झाला आणि मे २०२३ मध्ये परत आला. मधल्या काळात पोरांनी कुठून कुठून फाईली उतरवल्या, पुन्हा टाकल्या, आणि दरवेळी माईकची परवानगी विचारणाऱ्या चौकटीवर घाईत 'नाही' दाबलं. एकदा दोनदा 'नाही' म्हटलं की फोन पुन्हा विचारत नाही. सेटिंगमध्ये जाऊन हातानं चालू करावं लागतं. अँड्रॉइड १२ पासून तर वरून ओढायच्या पट्टीतही अख्ख्या फोनचा माईक बंद करणारं बटण असतं. ते चुकून दाबलं गेलं की गेमचा काही दोष नसतो.

आणखी एक चकवा म्हणजे एका माईकला दोन मालक. डिस्कॉर्डवर बोलणं चालू, वर गेमचाही माईक चालू. अशा वेळी अँड्रॉइड साधारणपणे पडद्यावर समोर असलेल्या ॲपला माईक देतो आणि मागच्याला नुसती शांतता पुरवतो. लाल अक्षर नाही, सूचना नाही. मागच्या ॲपला वाटतं, माणूस गप्प बसलाय.

गप्प बसण्यावरून आठवलं. माझी मावशी नगर-दौंड रस्त्यावरच्या अरणगावची, मेहेराबादच्या शेजारची. आध्यात्मिक गुरू मेहेरबाबांनी तिथं, मेहेराबादला, १० जुलै १९२५ ला मौन धरलं ते ३१ जानेवारी १९६९ ला देह ठेवेपर्यंत सोडलं नाही. आधी अक्षरांच्या पाटीवर बोट ठेवून बोलायचे, १९५४ मध्ये पाटीही सोडली आणि नुसत्या खुणांवर आले. आजही १० जुलैला त्यांचे भक्त मौन पाळतात. गेममध्येही बोटानं खूण करायची सोय आहे: नकाशावर ठिपका, 'इथं शत्रू' असं तयार वाक्य. माझ्याकडे येणाऱ्यांतला एक पोरगा तोतरा बोलतो. त्यानं माईक कधीच चालू केलेला नाही, सगळा खेळ ठिपक्यांवर. त्याचा स्क्वॉड त्यालाच कॅप्टन मानतो.

इथल्या विद्यापीठाच्या वसतिगृहातली पोरं एका खोलीत चौघं बसून खेळतात आणि घुमतंय म्हणून तक्रार घेऊन येतात. त्यांना एकच उत्तर: सगळ्यांनी माईक बंद करा आणि ओरडा.

परवाचा पोरगा मात्र बारा वाटांनी मला चकवून गेला. त्याचं बोलणं तिघांनाही जात नव्हतं. म्हणजे माईक, परवानगी किंवा नेट. रेकॉर्डर स्वच्छ, व्हिडिओ स्वच्छ, परवानगी चालू, वरच्या कोपऱ्यात माईक चालू असल्याचा हिरवा ठिपकाही. शेवटी माझ्या फोनवरून मी त्याच्या लॉबीत शिरलो. त्याचा आवाज मला लख्ख आला. दुकानात.

"घरी कुठं बसून खेळतो?"

"गिरणीत. आमची पिठाची गिरणी आहे. संध्याकाळी मीच बसतो."

मग सगळं ध्यानात आलं. फोन गिरणीची घरघर वजा करायला बघतो, त्यात याचे शब्दही जातात. उरतं ते दळण आणि मधूनच एखादा 'अरे'. तिघांनी आपापल्या फोनवर याला म्यूट करून टाकलं होतं आणि याला सांगायची कुणाला हिंमत झाली नव्हती. मी ते त्याला सांगितलं नाही. तोंडाजवळ माईक येईल असा वायरचा हेडफोन काढला, पट्टे तीन आहेत ते दाखवलं, आणि म्हटलं, आता खेळताना दोस्तांना एवढंच सांग, नवीन माईक घेतलाय, एकदा ऐकून बघा.

त्यानं तिथंच दोस्ताला लॉबीत बोलावलं. काउंटरवर कोपर टेकून, माईक ओठांशी धरून म्हणाला, "हॅलो... येतोय का रे?"

दोनेक सेकंद काहीच नाही. मग फोनमधून हसणं फुटलं, "येतोय, येतोय! झालं का दळण?"